चेहरा ओळखीचा, नाव आठवत नाही: कॅरेक्टर ॲक्टरचं काम नक्की काय असतं?

जुने ब्रिटिश पिक्चर बघायला लागलं की चौथ्या-पाचव्या पिक्चरला एक गोष्ट हमखास होते, आपण पडद्याकडे बोट दाखवून म्हणतो, अरे हा माणूस मागच्यात पण होता की! उंच, सडपातळ, थकलेले डोळे, कपाळाला आठी, आणि समोरच्याला आपला त्रास तर होत नाही ना अशा काळजीत असल्यासारखा हळू आवाज. 'द इटालियन जॉब'मध्ये तो जेलचा गव्हर्नर, 'द पिंक पँथर'मध्ये कोर्टात वकील, 'बेन-हर'मध्ये रथांची शर्यत संपल्यावर जखमी माणसाजवळ उभा असलेला वैद्य. नाव जॉन ल मेझरर. याने 120 च्या वर पिक्चर केले, टीव्हीवरचं काम वेगळंच, आणि त्यातल्या जवळजवळ एकाही पिक्चरचा तो हिरो नाही.

मग प्रश्न येतोच की इतकी कामं करून हा स्टार का नाही झाला, कुठे कमी पडला? मला वाटतं हा प्रश्नच चुकीच्या जागेवरून विचारला जातो. त्याचं काम वेगळं होतं आणि त्या कामात तो फार वरच्या दर्जाचा माणूस होता, पण ते काम काय असतं हेच आपल्याला कोणी नीट सांगत नाही, म्हणून हा लेख.

कॅरेक्टर ॲक्टर म्हणजे कोण?

सोपं करून सांगायचं तर पिक्चरची गोष्ट ज्याच्याबरोबर पुढे जाते तो लीड, आणि लीडच्या भोवतालचं जग ज्यांच्यामुळे खरं वाटतं ते कॅरेक्टर ॲक्टर. पोलीस इन्स्पेक्टर, घरमालकीण, बँकेचा मॅनेजर, चर्चचा पाद्री, सरकारी बाबू. याला पडद्यावर तीन-चार मिनिटं मिळतात आणि तेवढ्यात प्रेक्षकाला कळायला हवं की हा माणूस कसा आहे, कुठल्या घरातला आहे, याला समोरच्याचा राग आलाय का भीती वाटतेय. लीडकडे दीड तास असतो, तो हळूहळू उलगडला तरी चालतं. इथे दरवाजा उघडून आत आल्याआल्या माणूस पूर्ण तयार लागतो.

आणि यातला अर्धा भाग तर बोलायचा नसतोच, ऐकायचा असतो. गाण्याच्या मैफिलीत तबलजीकडे लक्ष देऊन बघा कधी, गवई आलाप-ताना घेत असतो आणि हा नुसता ठेका धरून बसलेला दिसतो, पण तो ठेका जरा हलला की गवयाची अख्खी तान कोसळते, आणि समेला दोघं एकत्र आले की वाहवा मात्र गवयाला जाते. ल मेझरर बरोब्बर तेच करायचा. समोरचा नट आरडाओरडा करतोय, हातवारे करतोय, आणि हा फक्त डोळे किंचित मिटून घेतो किंवा मान जरा कलती करतो आणि हशा तिथे येतो.

हा तिथपर्यंत आला कसा?

जन्म 5 एप्रिल 1912, इंग्लंडमधलं बेडफर्ड. वडील वकील, घरचं आडनाव हॅलिली. लहानपण बरी सेंट एडमंड्स या गावात गेलं आणि शिक्षण शर्बर्न स्कूल या नावाजलेल्या बोर्डिंगमध्ये झालं, पुढे कॉम्प्युटरचा पाया घालणारा गणितज्ञ ॲलन ट्युरिंग तेव्हा त्याच शाळेत होता. याला मात्र शाळा अजिबात आवडली नाही. शाळा सुटल्यावर घरच्यांच्या मनासारखं म्हणून गावातल्या एका वकिलांच्या फर्ममध्ये उमेदवारी सुरू केली, कागद-खटले-फायली, आणि 1933 साली ते सगळं सोडून लंडनला फे कॉम्प्टन या अभिनेत्रीच्या नाट्यशाळेत नाव घातलं. तिथे त्याच्याबरोबर ॲलेक गिनेस शिकत होता, तोच जो पुढे जगभर गाजला. 1937 पासून याने आईच्या माहेरचं आडनाव लावलं, ल मेझरर. आईचं घराणं चॅनल आयलंड्सपैकी ऑल्डर्नी बेटावरचं, म्हणून आडनाव असं फ्रेंच वळणाचं.

नाट्यशाळेनंतर 1934 मध्ये पहिली नोकरी लागली ती एडिंबरोच्या मिलिसेंट वॉर्ड रेपर्टरी प्लेयर्समध्ये, पगार आठवड्याला साडेतीन पौंड.

रेपर्टरी म्हणजे काय आणि त्याने काय होतं?

हा एक शब्द समजून घ्या कारण त्या काळातल्या जवळपास प्रत्येक ब्रिटिश नटाच्या आयुष्यात तो येतो. रेपर्टरी कंपनी, बोलताना रेप, म्हणजे एका गावातल्या एका थिएटरात मुक्काम ठोकलेली नटांची कायमची तुकडी. वीकली रेप असेल तर दर आठवड्याला नवं नाटक. रात्री या आठवड्याच्या नाटकाचा प्रयोग करायचा, दिवसा पुढच्या आठवड्याच्या नाटकाची तालीम, आणि मधल्या वेळात संवाद पाठ करायचे. तीन अंकी नाटक, संपूर्ण, सात दिवसांत. पुन्हा पुढच्या सोमवारी पहिल्यापासून.

आता विचार करा, असं वर्षानुवर्षं केल्यावर माणूस काय शिकतो. बावीस वर्षांचा पोरगा या आठवड्यात म्हातारा जज्ज करतो, पुढच्या आठवड्यात खानसामा, त्याच्या पुढच्या आठवड्यात खुनी. भूमिकेत महिनाभर शिरायला वेळच नाही, मग चालणं, आवाज, खांदे कसे धरायचे, टोपी कशी काढायची, अशा दोन-तीन खुणांवर माणूस उभा करायची सवय लागते. याचा तोटाही होता तो लपवायला नको, घाईत तयार केलेल्या त्याच त्या लकबी नटाला कायमच्या चिकटायच्या. पण कॅमेऱ्यासमोर तीन मिनिटांत काम उरकायचं असेल तर यापेक्षा चांगली तयारी नाही.

मधे युद्ध आलं. सप्टेंबर 1940 मध्ये लंडनवर बॉम्ब पडत होते तेव्हा त्याचं भाड्याचं घर उडालं, सगळं सामान गेलं, सैन्यात हजर व्हायचे कागदसुद्धा त्यात गेले, आणि ज्या ब्रिक्स्टनच्या थिएटरात तो काम करत होता त्यालाही त्याच हल्ल्यात फटका बसला. काही दिवसांत तो सैन्यात हजर झाला, 1941 मध्ये रॉयल टँक रेजिमेंटमध्ये ऑफिसर झाला आणि 1943 पासून युद्ध संपेपर्यंत त्याची नेमणूक आपल्याकडे, म्हणजे तेव्हाच्या ब्रिटिश इंडियात होती. कॅप्टन होऊन 1946 ला सुटला. आपलं युद्ध आरामात गेलं आणि कॅप्टनपद आपल्यावर लादलं गेलं असं तो स्वतः सांगायचा. हे लक्षात ठेवा, पुढे याचा उपयोग झाला.

इतके पिक्चर आणि इतकी कामं आली कुठून?

नुसत्या टॅलेंटवर 120 पिक्चर मिळत नाहीत, त्यासाठी तेवढे पिक्चर बनायला लागतात. 1946 साली ब्रिटनमध्ये सिनेमाची 163 कोटींच्या वर तिकिटं विकली गेली, हा त्या देशाचा आजतागायतचा उच्चांक. पण लोक बघत होते ते बरेचसे हॉलिवूडचे पिक्चर. म्हणून सरकारने 1927 सालीच कायदा केला होता की थिएटरवाल्यांनी ठरावीक टक्के ब्रिटिश पिक्चर दाखवलेच पाहिजेत, सुरुवात 5 टक्क्यांपासून, पुढे वाढवत 20 पर्यंत, आणि युद्धानंतर तर हा कोटा आणखी वर नेला. त्यात 1950 पासून तिकिटाच्या पैशातून थोडी रक्कम बाजूला काढून ब्रिटिश निर्मात्यांना परत द्यायची पद्धत सुरू झाली, तिला ईडी लेव्ही म्हणायचे.

दुसरं म्हणजे तेव्हा एका तिकिटात दोन पिक्चर दाखवायची रीत होती. मोठा पिक्चर आणि त्याच्या आधी एक छोटा, स्वस्तातला, थोड्या दिवसांत उरकलेला, त्याला सेकंड फीचर म्हणायचे. ल मेझररचा पडद्यावरचा पहिला रोल 1948 चा, 'डेथ इन द हँड', असाच छोटा पिक्चर. अशा पिक्चरना रिहर्सलला वेळ नाही, रिटेकला पैसे नाहीत. निर्मात्याला माणूस असा हवा की जो सकाळी वेळेवर येईल, संवाद पाठ असतील, पहिल्या-दुसऱ्या टेकला काम करेल आणि दुपारी मोकळा होईल. रेपमधून आलेला नट म्हणजे नेमका हाच माणूस! त्यामुळे तीच पन्नास-शंभर माणसं सगळीकडे फिरताना दिसतात आणि आपल्याला वाटतं अरे हा पुन्हा.

मग टीव्ही आला. बीबीसी होतीच, 22 सप्टेंबर 1955 ला जाहिरातींवर चालणारी आयटीव्ही सुरू झाली, आणि थिएटरची गर्दी इतक्या वेगाने ओसरली की 1960 पर्यंत तिकिटं साधारण 50 कोटींवर आली. स्टार लोकांना याचा फटका बसला. कॅरेक्टर ॲक्टर मात्र इकडून तिकडे सहज गेले कारण टीव्हीलाही तीच घाई होती, तेच कमी पैसे होते. ल मेझरर टोनी हॅनकॉकच्या कॉमेडी मालिकेत वेगवेगळ्या भूमिकांत यायला लागला, 1966 पासून 'जॉर्ज अँड द ड्रॅगन'मध्ये कर्नल झाला, आणि मधल्या सगळ्या वर्षांत पिक्चर चालूच.

पण तो सगळीकडे सारखाच तर करतो ना?

हा आक्षेप मी बऱ्याच जणांकडून ऐकलाय आणि वरवर बघितलं तर तो खराच वाटतो. तोच आवाज, तोच गोंधळलेला सभ्य चेहरा, मेकअप नाही, सोंग नाही. पीटर सेलर्ससारखा नट दर पिक्चरला ओळखू न येण्याइतका बदलायचा, त्याच्याशेजारी हा आळशी वाटतो.

1959 चा 'आयम ऑल राइट जॅक' बघा, त्यात दोघंही आहेत. कारखाना, युनियन, मालक यांच्यावरचा पिक्चर. सेलर्स युनियनचा पुढारी आणि ल मेझरर हा कामगार किती सेकंदात किती काम करतात हे घड्याळ लावून मोजणारा तज्ज्ञ. अख्ख्या कारखान्याला शिस्त लावायला आलेला माणूस आणि त्याच्या स्वतःच्या चेहऱ्यालाच झटके येतात, ते त्याच्या ताब्यात नाहीत. सबंध पिक्चरचं म्हणणं त्या झटक्यात आलेलं आहे, आणि ते त्याने कुठेही हसवायचा आव न आणता केलंय. चेहरा तोच राहतो हे मान्य. पण 'द इटालियन जॉब'मधला गव्हर्नर घ्या, नोएल कॉवर्डने केलेला कैदी मिस्टर ब्रिजर त्याच्याकडे तक्रार घेऊन येतो आणि गव्हर्नरच वरमून जातो, जणू जेल ब्रिजरचं आहे आणि हा तिथला नोकर. कारखान्यातल्या त्या तज्ज्ञाची अस्वस्थता आणि या गव्हर्नरची भीती यात फरक आहे. एकाच आवाजात इतक्या पट्ट्या लावता येणं ही माझ्या मते वेष बदलण्यापेक्षा अवघड गोष्ट आहे, कारण लपायला काही नसतं.

'डॅड्स आर्मी' आणि उलटी केलेली खुर्ची

ब्रिटनमध्ये आजही त्याला ओळखतात ते एका भूमिकेमुळे, सार्जंट विल्सन. बीबीसीची 'डॅड्स आर्मी' 1968 ते 1977 चालली, 80 भाग. 1940 मध्ये जर्मनी कधीही चढाई करेल अशी स्थिती होती तेव्हा वयामुळे किंवा इतर कारणांनी सैन्यात नसलेल्या पुरुषांची होम गार्ड नावाची फौज गावोगावी उभी केली होती, त्या फौजेवरची ही कॉमेडी. गाव काल्पनिक, वॉल्मिंग्टन-ऑन-सी. बँकेचा मॅनेजर मॅनरिंग हा कॅप्टन आणि त्याच बँकेतला हेडक्लार्क विल्सन हा त्याचा सार्जंट.

आता गंमत कुठे आहे ती समजायला ब्रिटिश समाजाची उतरंड माहीत पाहिजे. तिथे माणूस तोंड उघडताक्षणी कुठल्या वर्गातला ते कळतं. पिक्चरमध्ये ठरलेलं असायचं, खानदानी, गोड उच्चारांचा माणूस ऑफिसर आणि साध्या घरातला माणूस सार्जंट. जिमी पेरी आणि डेव्हिड क्रॉफ्ट या लेखकजोडीने ते उलटं केलं. साध्या घरातून कष्टाने वर आलेला, बुटका, सगळं नियमाने करणारा मॅनरिंग वर, आणि महागड्या शाळेत शिकलेला, देखणा, निवांत विल्सन खाली. मॅनरिंगला आयुष्यभर जे कमवावं लागलं ते विल्सनला जन्मतः मिळालंय आणि त्याला त्याची किंमत नाही. एका भागात तर विल्सनला घराण्यामुळे नावाआधी लावायची उपाधीच मिळते आणि मॅनरिंगचा जीव जळून जातो.

मॅनरिंग झालेला आर्थर लो जबरदस्त नट होता यात वादच नाही. पण त्याचा प्रत्येक हशा कुठे फुटतो बघा. तो छाती काढून एखादी भलतीच योजना जाहीर करतो, आणि शेजारून हळूच आवाज येतो की सर, हे शहाणपणाचं होईल असं वाटतं का तुम्हाला? आवाजात उद्धटपणा नाही, खरीखुरी काळजी आहे, म्हणून तर ते इतकं झोंबतं.

बीबीसीच्या कॉमेडी विभागाचा प्रमुख मायकेल मिल्स याने ल मेझररचं नाव सुचवलं, म्हणाला हा माणूस दुःख फार छान भोगतो. ल मेझरर मात्र तयार नव्हता, नुकती एक मालिका संपत होती आणि पुन्हा लांब अडकायचं नव्हतं. शेवटी दर भागाला 262 पौंड 10 शिलिंग ठरले आणि जुना मित्र क्लाइव्ह डन त्यात आहे हे कळलं तेव्हा हो म्हणाला. भूमिका कशी करायची तर सैन्यात स्वतः जसा वागला होता तसंच. गणवेशाचं एखादं बटण उघडं, बाही जरा दुमडलेली, आणि हुकूम असे सोडायचे की जणू कोणाला चहाला बोलावतोय, तेही तो येणार नाही हे माहीत असताना. एका भागात विल्सनला बढती मिळून दुसऱ्या गावच्या शाखेचा मॅनेजर करतात आणि ती बँकच बॉम्बने उडते. तो परत येतो, काही बोलत नाही. 1940 मध्ये घर आणि थिएटर दोन्हीवर बॉम्ब पडलेला माणूस ते करतोय हे माहीत असलं की तो भाग वेगळाच दिसतो.

घरचं काय?

थोडक्यात सांगतो कारण यावर बाकी ठिकाणी फार चघळलं गेलंय. तीन लग्नं. दुसरी बायको हॅटी जेक्स, 'कॅरी ऑन' पिक्चरमधली लाडकी अभिनेत्री. तिचं दुसऱ्या माणसावर प्रेम बसलं आणि तो माणूस त्यांच्याच घरात राहायला लागला, तरी घटस्फोटात दोष ल मेझररने स्वतःवर घेतला, का तर तिची लोकांमधली प्रतिमा खराब होऊ नये. 1965 मध्ये घटस्फोट, 1966 मध्ये जोनशी लग्न. पुढे जोन त्याच्या जिवलग मित्रात, टोनी हॅनकॉकमध्ये गुंतली. हॅनकॉक 1968 ला गेला, त्यानंतर ती आणि ल मेझरर शेवटपर्यंत एकत्र राहिले. काही लोक याला दुबळेपणा म्हणतात. मला तसं वाटत नाही, दुसऱ्याला वाचवण्यासाठी स्वतःच्या नावावर खोटा डाग घ्यायला जोर लागतो.

दारू मात्र होती आणि तिने लिव्हर खाल्लं. 15 नोव्हेंबर 1983 ला रॅम्सगेटला तो गेला, वय 71. टाइम्समध्ये स्वतःच्या निधनाची सूचना आधीच लिहून ठेवली होती, अगदी साध्या शब्दांत, की आपलं इंजिन बंद पडलंय आणि घरच्यांची-मित्रांची फार आठवण येते. आत्मचरित्र पुढच्या वर्षी आलं.

त्याला मोठी भूमिका झेपलीच नसती, असं म्हणायचं का?

झेपली, आणि त्याचा पुरावा आहे. 1971 मध्ये बीबीसीने डेनिस पॉटर या लेखकाचं 'ट्रेटर' नावाचं टीव्ही नाटक केलं, त्यात ल मेझरर मध्यवर्ती भूमिकेत. ब्रिटिश हेरखात्यातला मोठा अधिकारी, सोव्हिएत रशियासाठी काम करून आता मॉस्कोत पळून आलेला, एका भकास फ्लॅटमध्ये पाश्चात्य पत्रकार त्याची मुलाखत घ्यायला आलेत आणि तो दारू पीत पीत स्वतःचं समर्थन करतोय. विल्सनचीच सगळी हत्यारं इथे आहेत, तीच सभ्यता, तोच मऊ आवाज, तीच महागड्या शाळेची छाप, पण इथे ती सभ्यता म्हणजे आतल्या जखमेवरचं झाकण आहे आणि ते हळूहळू सरकतं. या कामासाठी त्याला टीव्हीवरच्या सर्वोत्तम अभिनेत्याचा बाफ्टा, म्हणजे ब्रिटनमधला सिनेमा-टीव्हीचा मानाचा पुरस्कार, मिळाला. वय तेव्हा साठीला टेकलेलं.

मग आधी का नाही दिली कोणी अशी भूमिका? कारण ती यंत्रणा तशी होती. जो माणूस तीन मिनिटांचं काम हुकमी करतो त्याला पुन्हा तीन मिनिटांचंच काम मिळतं, निर्मात्याला धोका पत्करायचा नसतो आणि नटाला घरभाडं द्यायचं असतं. ल मेझररनेही कधी त्यासाठी भांडण केलं नाही. त्याच्या आत्मचरित्राचं नावच 'अ जॉबिंग ॲक्टर', म्हणजे मिळेल ते काम करणारा नट. मला याचं वाईट वाटतं, खोटं कशाला बोलू. एका 'ट्रेटर'च्या जागी पाच असायला हवे होते.

आता बघायचं असेल तर

सुरुवात 'डॅड्स आर्मी'ने करा, पण पहिल्या दोन-तीन भागांवरून मत बनवू नका, मॅनरिंग-विल्सनची लय बसायला वेळ लागलाय. विल्सन मॅनेजर होतो तो भाग आणि उपाधी मिळते तो भाग हे दोन शोधून बघाच. मग 'आयम ऑल राइट जॅक'. त्यानंतर 1963 चा 'द पंच अँड ज्युडी मॅन', समुद्रकिनाऱ्यावरचे कलाकार आणि गावातले प्रतिष्ठित लोक यांच्यावरचा हॅनकॉकचा पिक्चर, त्यात ल मेझरर वाळूची शिल्पं करणारा आहे आणि भूमिकाही बऱ्यापैकी मोठी आहे. 'ट्रेटर' शेवटी ठेवा. आणि बघताना एक करा, सीनमध्ये जो बोलत असेल त्याच्याकडे न बघता बाजूला जो ऐकतोय त्याच्याकडे बघा.